न डकवलेली नोटीस

हे मी अजून कुणालाच सांगितलेलं नाही. सविताला, म्हणजे माझ्या बायकोला नाही, ऑफिसात नाही, देवापुढे हात जोडतानासुद्धा नाही. देवापुढे मी पोरीच्या परीक्षेचं बोलतो, गुडघ्याचं बोलतो. ह्याचं नाही.

लिहायला बसलो की भलतंच सुचत राहतं. आजही तसंच होणार. तेवढं सोसा.

आधी मी कोण, ते. माझे वडील जालन्याच्या मोंढ्यात हमाल होते. आईकडून, वडिलांकडून, दोन्ही बाजूंनी मोजलं तरी आमच्यातला पहिला ग्रॅज्युएट मी. हे मी मान ताठ करून सांगतो आणि सांगत राहणार. वडील कुठल्याही कागदावर अंगठा उठवायच्या आधी विचारायचे, "ह्यात काय लिवलंय?" समोरचा म्हणायचा, "तुला काय करायचंय? लाव अंगठा." मी बी.ए. झालो तो त्या एका उत्तराच्या रागात. कागद वाचू शकणारा माणूस व्हायचं होतं मला. झालो. परीक्षा देऊन केंद्र सरकारच्या एका खात्यात लागलो, बदल्या होत होत जयपूरला आलो, आणि इथे माझ्याकडे जमिनींचं टेबल आलं.

जमिनींचं टेबल म्हणजे काय, तर खात्याच्या जागेवर कुणी बसलं असेल तर त्याला उठवण्याच्या फायली. ऐकायला बरं वाटत नाही ना? मला त्याचं काही वाटत नव्हतं. उलट अभिमान होता. कारण ह्या कामाला नियम आहे. अतिक्रमण असलं तरी सरकारला एकदम बुलडोझर घेऊन जाता येत नाही. आधी नोटीस द्यायची. मग सुनावणी. त्या माणसाकडे काही कागद असेल, काही म्हणणं असेल, ते ऐकून घ्यायचं. मग कारणं लिहून हुकूम काढायचा. म्हणजे सरकारनंच त्याच्या दारात जाऊन विचारायचं — बाबा रे, तुझं काय म्हणणं आहे? माझ्या वडिलांना जन्मात कुणी हे विचारलं नव्हतं. मी नव्या क्लार्कांना सांगायचो, नोटीस हा सगळ्यात मोठा कागद आहे, हुकुमापेक्षाही मोठा. माझ्या फायलीवर वरून कधी एक शेरा आला नाही. एक पण नाही.

हे सगळं मी का सांगतोय? चांगला दिसावा म्हणून? असेल. पण दुसरंही एक कारण आहे. मला सगळं कळत होतं, हे तुमच्या लक्षात राहावं. अडाणीपणानं केलं असं नंतर म्हणायला जागा नको.

शास्त्री नगरात आमच्या खात्याची वसाहत आहे. तिथेच आमचा क्वार्टर. वसाहतीच्या भिंतीला लागून बाहेरच्या बाजूला कैलाशी देवीची खोली होती. एकच खोली, पत्र्याची, आणि पुढे इस्त्रीचं टेबल. कोळशाची जड इस्त्री. साठीची बाई, नवरा वारलेला, मूलबाळ नाही. वसाहतीतल्या सगळ्या घरांचे कपडे तिच्याकडे. आमची पोरगी तिला प्रेसवाली काकी म्हणायची. मला ती "मराठे बाबूजी" म्हणायची आणि माझी थट्टा केल्याशिवाय शर्ट हातात द्यायची नाही. "ले जाओ बाबूजी, कॉलर ऐसी कड़क करी है, साहब कुर्सी छोड़ के खड़े हो जाएँगे." मी हसायचो. खरं सांगायचं तर आवडायचं मला ते.

मग वसाहतीचं फाटक मोठं करायचं ठरलं आणि भिंतीलगतची ती पट्टी मोकळी करायची फाईल निघाली. फाईल माझ्याच टेबलावर.

तिच्या कानावर गेलंच. एका सकाळी कपडे द्यायला गेलो तर तिनं इस्त्री बाजूला उभी केली, आत गेली, आणि प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळलेला एक कागद घेऊन आली. "कागद छै म्हारै कनै," म्हणाली. माझ्याकडे कागद आहे. तो मी वाचला. जुन्या काळी कुणा अधिकाऱ्यानं तिच्या नवऱ्याला दिलेलं परवानगीपत्र होतं. वसाहतीच्या सोयीसाठी ह्या धोब्याला ह्या जागेवर बसू द्यावं, असं. सही, शिक्का, जावक क्रमांक. आमच्या फायलीत त्याची नक्कल नव्हती.

ह्याचा अर्थ तुम्हाला सांगायला हवा. त्या कागदानं जमीन तिची होत नव्हती. पण ती चोरून बसलेली नाही, खात्यानंच तिला बसवलं आहे, हे त्यातून दिसत होतं. सुनावणी घेणाऱ्या आमच्या साहेबांपुढे तो कागद आला असता तर आधी ती परवानगी रद्द करावी लागली असती, रीतसर, मुदत देऊन. दुसरीकडे जागा द्या असंही तिला म्हणता आलं असतं. वर्ष-दोन वर्षं सहज मिळाली असती. कदाचित जास्त.

मी तिला काय सांगितलं, ते माझ्या कानात अजून आहे. "काकीजी, घबराओ मत. नोटीस आएगा. उसमें तारीख होगी. उस दिन यही कागद लेके आना, साहब को दिखाना. उससे पहले किसी के हाथ में मत देना." तिनं मान डोलावली. म्हणाली, "आप पढ़े-लिखे हो, बाबूजी. आप बोल रहे हो तो बैठी हूँ निश्चिंत."

निश्चिंत. हाच शब्द.

नोटीस निघाली. ती मीच टाईप करून साहेबांपुढे ठेवली, त्यांनी सही केली, सुनावणीची तारीख पडली. आता ती नोटीस द्यायची पद्धत — दोन पंच घेऊन जायचं, तिच्या हातात द्यायची, ऑफिसच्या प्रतीवर अंगठा किंवा सही घ्यायची, आणि एक प्रत दारावर डकवायची. इकडे चस्पा करणं म्हणतात. हे काम प्रभुदयालचं. प्रभुदयाल आमचा शिपाई. कँटीनच्या शेगडीवर मैद्याची खळ शिजवायचा, तुपाच्या जुन्या डब्यात भरायचा, आणि डबा, कुंचा, कागद घेऊन निघायचा. डिंक चुन्याच्या भिंतीवर टिकत नाही, खळच लागते.

प्रभुदयाल त्या आठवड्यात पुतणीच्या लग्नाला गावी गेलेला.

मग कुणी जायचं? मी. दुसरं कुणी नव्हतंच. साहेब म्हणाले, "आप तो वहीं रहते हो, जाते-जाते लगा देना." बरोबरच होतं त्यांचं. माझ्या घराच्या वाटेवरच ती खोली.

आणि इथे मी अडलो. कशावर, ते सांगायला आज लाज वाटते. त्या डब्यावर. बी.ए. झालेला माणूस, टेबलाचा प्रमुख, हातात खळीचा डबा आणि कुंचा घेऊन वसाहतीच्या फाटकाशी उभा राहणार? अधिकाऱ्यांच्या बायका येता-जाता बघणार? ज्या बाईकडून रोज "बाबूजी" ऐकतो तिच्या दारावर कुंचा फिरवणार? माझ्या वडिलांनी जन्मभर पोतं उचललं ते माझ्या हातात डबा यावा म्हणून नाही, असं मी स्वतःला सांगितलं. वडिलांचं नाव घेतलं मी त्यासाठी. ऐकलंत?

नोटीस बॅगेत ठेवली. पहिल्या दिवशी तिच्याकडे गर्दी होती. दुसऱ्या दिवशी तिनंच हाक मारली, "मराठे बाबूजी, थैले में आज क्या छुपा के ले जा रहे हो, घेवर?" घेवर म्हणजे इकडची मिठाई. मी हसून पुढे गेलो. तिसऱ्या दिवशी ठरवलं, प्रभुदयाल सोमवारी येईल, तोच लावेल. सोमवारी त्यानं रजा वाढवल्याचा निरोप आला. सुनावणीआधी जेवढे दिवस नोटीस हातात पडायला पाहिजे, तेवढे दिवस राहिले नाहीत.

तरी काही बिघडलं नव्हतं. एक ओळ लिहायची होती — नोटीस देता आली नाही, पुढची तारीख द्यावी. बस. साहेब फार तर दोन शब्द बोलले असते. पण त्या वर्षी माझ्या बढतीचा अहवाल त्याच साहेबांच्या हातात होता. आणि माझ्या फायलीवर कधी शेरा आला नव्हता, हे मी मघाशी अभिमानानं सांगितलं ना, तेच.

माझ्या खणात पंचनाम्याचे कोरे फॉर्म असायचे. कोरे, पण खाली दोन पंचांच्या सह्या आधीच केलेल्या. एक कँटीनवाल्याची, एक माळ्याची. सगळ्या ऑफिसात असंच चालायचं. पंच दर वेळी कुठून आणायचे? मी त्यातला एक काढला. मागची तारीख घातली. आणि माझ्या चांगल्या अक्षरात लिहिलं — संबंधित महिला समक्ष भेटली असता तिने नोटीस घेण्यास नकार दिला, सबब दारावर डकवण्यात आली.

नकार दिला. जी बाई त्या कागदाची वाट बघत होती, तिच्या नावावर मी नकार लिहिला. तेवढं तरी लिहायची काय गरज होती? नुसतं "डकवली" लिहिलं असतं तरी भागलं असतं. पण नकार लिहिला की पंचनामा भक्कम होतो. मला कामच पक्कं करायची सवय.

सुनावणीच्या दिवशी सकाळी मी तिच्याकडूनच शर्ट घेतला. पांढरा. अजून गरम होता. तिनं कॉलरवरून बोट फिरवून बघितलं आणि विचारलं, "बाबूजी, म्हारो नोटिस कद आसी?" माझी नोटीस कधी येणार?

मी म्हणालो, "आ जाएगा."

आमच्याकडे सुनावणीला नावाचा पुकारा होतो. साहेबांचा शिपाई, जो त्यांचं दार सोडून कुठे जात नाही, दारात उभा राहतो आणि व्हरांड्यात तीन वेळा नाव घेतो. "कैलाशी देवी हाज़िर हो!" एकदा. व्हरांड्यात एक कूलर घरघरत होता आणि त्याच्यासमोर एक मांजर झोपलेलं. दुसऱ्यांदा. तिसऱ्यांदा. साहेबांनी माझ्याकडे बघितलं. त्यांचा दोष नाही. त्यांच्यापुढे पंचनामा होता, त्यावर माझं अक्षर होतं, आणि माझ्या अक्षरावर त्यांचा विश्वास होता. मी नोंद केली — पुकारा करूनही गैरहजर. ती त्या वेळी दोन किलोमीटरवर होती, भिंतीच्या कडेला, बहुतेक माझ्याच घरच्या चादरींवर पाणी शिंपडत. हुकूम एकतर्फी झाला. माझ्या अंगातल्या शर्टाची कॉलर कडक होती.

पुढचं तुम्ही ओळखलं असेल. जेसीबी आला. सकाळचे अकरा वाजले असतील, पोरं शाळेत गेलेली. अर्ध्या तासाचं काम. तिनं इस्त्री, टेबल, दोन ट्रंका आणि लोकांचे कपडे आधी बाहेर काढले. लोकांचे कपडे आधी, हे मी बघितलं. मग ती पिशवीतला कागद घेऊन प्रत्येकाला दाखवत फिरली. पोलिसाला, जेसीबीवाल्याला. पथकाच्या अधिकाऱ्यानं हुकूम वाचून दाखवला. नोटीस दिली होती, घेतली नाही, तीनदा पुकारलं, आली नाही. ती म्हणाली, नोटीस आलीच नाही. तो म्हणाला, सगळे असंच म्हणतात.

आणि मग तिला गर्दीत मी दिसलो.

तिचा चेहरा उजळला. आता तरी कुणी भेटलं. मला तो चेहरा झोपेतसुद्धा... राहू दे. ती म्हणाली, "इनसे पूछो! ये बाबूजी रोज़ यहाँ से निकलते हैं, पढ़े-लिखे हैं, झूठ नहीं बोलेंगे. बताओ बाबूजी, आया क्या नोटिस?"

सगळे माझ्याकडे बघत होते. मी म्हणालो, "रिकॉर्ड में तो लगा हुआ है."

खोटं नव्हतं ते. रेकॉर्डात होतीच ना? मीच ठेवलेली.

तिनं मला शिवी दिली असती तर बरं झालं असतं. ती नुसती कागदाकडे बघत राहिली. आपल्याच कागदात काहीतरी चुकलं असणार, अशी.

त्या दिवशी घरी पोरीनं विचारलं, "बाबा, प्रेसवाली काकीचं घर का तोडलं? मतलब, तिनं काय गलत केलं?" सविता म्हणाली, "नोटीस आलीच नव्हती म्हणतात सगळे. तुम्हाला काही ठाऊक आहे का हो?" मी म्हटलं, "ऑफिसचं घरी काढत जाऊ नकोस." तिनं ताटं घेतली. चांगली बाई आहे. माझ्यावर तिचा विश्वास आहे.

आता वाटेल, झालं सगळं सांगून. मलाही इथे थांबावंसं वाटतंय. डबा, लाज, एक खोटा पंचनामा, गर्दीत एक भ्याड वाक्य. माणसाकडून होतं, असं म्हणून तुम्ही मला घरी पाठवाल. पण मी क्रम बदलला आहे. मुद्दाम. जेसीबी यायच्या आधीची एक संध्याकाळ मी वगळली.

हुकूम झाल्यावर तोही दारावर लावावा लागतो. तोपर्यंत प्रभुदयाल परत आला होता. हुकूम त्यानं नीट लावला, भरपूर खळ लावून. त्याच्या तिसऱ्या दिवशी कैलाशी आमच्या दारात आली. आत ये म्हटलं तरी आली नाही, चपलांपाशी उभी राहिली. सविता मंडईत गेलेली. तिच्या हातात दोन कागद. एक जुना, पिशवीतला. दुसरा दारावरून सोलून आणलेला हुकूम, कोपरे फाटलेले. "नोटिस तो आया कोनी, बाबूजी. यो कांई आयो?" नोटीस तर आलीच नाही, मग हे काय आलं?

मी वाचल्यासारखं केलं. मीच टाईप केलेला होता.

मग तिनं विचारलं, "अब कुछ हो सके है क्या?"

अशा हुकुमावर जिल्हा न्यायालयात अपील होतं. त्याला मोजके दिवस असतात आणि त्यातले बरेच शिल्लक होते. कोर्टात फुकट वकील मिळतो, त्याची खोली कुठे आहे हे मला माहीत होतं. तो एक कागद आणि "मला नोटीस मिळाली नाही" एवढं एक वाक्य, बहुतेक स्थगिती मिळाली असती. हे सगळं ती बोलायच्या आधी माझ्या डोक्यात आलं होतं. आणि त्याच्याही आधी आलं होतं हे — अपील झालं की फाईल मागवतील, पंच बोलावतील. कँटीनवाला आणि माळी. ते काय सांगतील?

मी म्हणालो, "नहीं काकीजी. हुकूम हो गया तो हो गया. अब कुछ नहीं हो सकता."

हे आहे ते. नोटीस न डकवणं नाही, पंचनामा नाही, गर्दीतलं वाक्यही नाही. हे. घाईत नाही, लाजेत नाही, कुणी बघत नसताना. कागद वाचता येणाऱ्या माणसानं कागद वाचता न येणाऱ्या बाईला सांगितलं की ह्यात तुझ्यासाठी काही लिहिलेलं नाही. माझ्या वडिलांना "लाव अंगठा" म्हणणारा माणूस निदान उद्धटपणे बोलायचा. मी तिला पाणी हवं का विचारलं.

ती "अच्छा" म्हणाली, कागदांच्या घड्या घातल्या आणि गेली. जाताना मागे वळून म्हणाली, भाभीजींची निळी साडी तयार आहे, उद्या पाठवते.

ह्याला सहा-सात वर्षं झाली. मला बढती मिळाली. फाटक मोठं झालंच नाही, पैसे दुसऱ्या कामाला वळले. त्या पट्टीवर तारेचं कुंपण आहे, खात्याची पाटी आहे, आत लोक कचरा टाकतात. आता नोटीस लावल्यावर मोबाईलवर फोटो काढायचा नियम आला आहे. फोटो काढतात आणि फोटो झाला की कागद काढून घेतात. मी बघतो. मी काय बोलणार?

ती मला एकदाच परत दिसली. गेल्या पावसाळ्यात ऑफिसची पिकनिक कानोता धरणावर होती. रस्त्याकडेला भुट्टे भाजत बसली होती. तिथेच भाच्याकडे राहते. तिनंच ओळखलं. "मराठे बाबूजी!" म्हणाली. पोरीची चौकशी केली, केवढी झाली, किती शिकली. एक भुट्टा निवडून भाजला, लिंबू-मीठ चोळलं, माझ्या हातात दिला. मग माझ्या शर्टाकडे बघून म्हणाली, "कॉलर कौन करे है अब? ढीली है."

आणि मग, सहज, निखाऱ्यावर पंखा मारता मारता — "बाबूजी, वो नोटिस का कुछ पता चला? डाक में अटक गया होगा कहीं, नहीं?"

मी "पता नहीं" म्हणालो. भुट्टा तिच्यासमोर उभा राहून पूर्ण खाल्ला.

आमच्या घरातल्या लोखंडी कपाटात एक फाईल आहे. तिच्यात माझी डिग्री आहे, नोकरीचं पहिलं पत्र आहे, बढतीचं पत्र आहे. सर्वांत खाली ती नोटीस आहे. तिच्या दारावर लावायची प्रत. फेकावीशी वाटली नाही, जाळवली नाही. घडी अजून सरळ आहे. कैलाशी देवी, साकिन शास्त्री नगर, अमुक तारखेला सकाळी अकरा वाजता हजर राहून आपलं म्हणणं मांडावं, असं तिच्यात लिहिलं आहे. खाली साहेबांची सही, खात्याचा शिक्का.

मागची बाजू कोरी आहे. खळीचा एक डागही नाही.